येनावरचा कोसा

झाडीपट्टीत, म्हणजे भंडारा, गोंदिया, गडचिरोली आणि चंद्रपूर या जिल्ह्यांत पसरलेल्या शुष्क पानझडी अरण्याच्या मुलखात, मृगाच्या थोडे अलीकडे एखाद्या कोसेवाल्या ढिवराच्या घरी गेले असता आढ्याच्या आडव्या बांबूला करड्या-पिवळ्या कोशांच्या माळा लोंबताना दिसतात. त्यांतला एक कोश हातात घेऊन पाहावा. आकाराने तो कोंबडीच्या लहानशा अंड्याएवढा, स्पर्शाला सुपारीसारखा कठीण, आणि एका टोकाला दोन-तीन बोटे लांबीचे, लाकडाइतके चिवट देठ असलेला. त्या देठाच्या शेवटी एक घट्ट कडे असते, जे कधी काळी फांदीभोवती आवळलेले होते. कानाशी धरून हळूच हलविला की आतला जीव भिंतीवर आपटून टक्‌ असा जड आवाज करतो. पौष-माघापासून ज्येष्ठापर्यंत तो तेथे अन्नपाण्यावाचून निजलेला असतो, आणि त्याच्या जागे होण्याची वाट घरातली माणसे पाहत असतात. या मुलखातले लोक कोशाला कोसा म्हणतात, त्यातून निघणाऱ्या रेशमालाही कोसा म्हणतात आणि त्या रेशमाच्या कापडालाही कोसाच म्हणतात; बाहेरचे लोक ज्याला टसर म्हणून ओळखतात ते हेच.

तुतीच्या रेशमाचा किडा हजारो वर्षे माणसाच्या सुपा-परड्यांत वाढत आल्यामुळे इतका पराधीन झाला आहे की त्याच्या पतंगाला पंख असूनही उडता येत नाही, आणि अळीला पाला तोंडाशी नेऊन द्यावा लागतो. कोशाच्या पाखराचे तसे कधीच झाले नाही. माणसाने त्याची अंडी सांभाळली, अळ्यांची राखण केली, कोश उतरविले, परंतु तो किडा जन्मतो, वाढतो आणि विणतो तो उघड्या रानातल्या जिवंत झाडावरच. आणि म्हणून या धंद्यातल्या माणसांचे पंचांग, त्यांचे सोवळे-ओवळे, त्यांची वस्ती आणि त्यांचे हक्क या साऱ्यांचा इतिहास समजून घ्यावयाचा तर आधी त्या जिवाची चर्या समजून घ्यावी लागते.

मृगाच्या सरी पडून हवेत दमटपणा आला की एखाद्या सायंकाळी माळेतल्या कोशाचे देठाकडचे टोक ओलसर दिसू लागते. आतले पाखरू आपल्या मुखाशी स्रवणाऱ्या पाचक द्रवाने त्या ठिकाणचा डिंक विरघळविते, धागे न तोडता बाजूला सारते, आणि त्या वाटेने बाहेर येऊन कोशालाच लटकून राहते. त्या वेळी त्याचे पंख ओल्या चिंधीसारखे चुरगळलेले असतात; ते हळूहळू पसरत, ताणत, सुकत जातात, आणि रात्र पडेपर्यंत जवळजवळ वीतभर पसाऱ्याचा एक भव्य पतंग समोर बसलेला असतो. नर बहुधा तांबूस-तपकिरी, अंगाने सडपातळ आणि पिसासारख्या शृंगिकांचा. मादी पिवळसर किंवा करडी, पोटाने जड. चारही पंखांवर एकेक वाटोळा डोळा असून त्याच्या मध्यभागी खवले नसलेला, अभ्रकाच्या पत्र्यासारखा पारदर्शक गवाक्ष असतो. दिव्यासमोर ते पाखरू धरले की उजेड त्या चार खिडक्यांतून पलीकडे जातो. मी प्रथम तो पाहिला तेव्हा पुढे बराच वेळ दुसरे काही सुचले नाही. या देहाला अन्न घेण्याजोगे तोंड नाही. अळीच्या जन्मात साठविलेल्या शिदोरीवर आठवडाभर जगावे, त्याच रात्री समागम करावा, मादीने पुढच्या दोन-तीन दिवसांत दीडशे-दोनशे अंडी घालावीत आणि संपावे, एवढेच त्याचे प्रौढ आयुष्य. मादीचा गंध रानातल्या नरास फार दुरून लागतो, आणि जुने कोसेवाले याचाच उपयोग करीत: मादीला रात्री उघड्यावर बांधून ठेवीत, आणि अरण्यातला कोणी अनोळखी नर येऊन तिच्या वंशात आपला वाटा घालून जाई. घरच्या बियाण्यात रानाचे रक्त अशा रीतीने पुनःपुन्हा मिसळत राहिले, हे त्या किड्याच्या अपाळीवपणाचे एक मोठे कारण आहे.

आठव्या-दहाव्या दिवशी अंडी फुटतात. पानांच्या द्रोणात ठेवलेली ती अंडी झाडाच्या कोवळ्या शेंड्याला अडकविली जातात आणि तिळाएवढ्या अळ्या आपण होऊन पाल्यावर चढतात. झाड मुख्यत्वे ऐनाचे, ज्याला या भागात येन म्हणतात, किंवा ओढ्याकाठच्या अर्जुनाचे. बोरीवरही हे किडे जगतात आणि पूर्वेकडे सालाच्या रानात सालावर. येनाची साल सुसरीच्या पाठीसारखी भेगाळलेली, लाकूड काळपट आणि टणक. चार वेळा कात टाकून अळी पाचव्या अवस्थेला पोहोचते तेव्हा ती पोपटी हिरवी, चार-पाच इंच लांब आणि चार तोळ्यांच्या आसपास वजनाची होते. तिच्या कुशीवर चांदीच्या टिकल्यांसारखे ठिपके चकाकतात, आणि तरीही फांदीच्या खालच्या अंगाला उलटी धरून ती स्तब्ध राहिली म्हणजे हातभर अंतरावरून दिसत नाही. पावसाळी पिकात हे सारे महिन्याभरात आटोपते, थंडीच्या पिकाला दीड-दोन महिने लागतात. झाडाचा पाला संपला की कोसेवाला अळ्यांसकट डहाळी कापतो आणि शेजारच्या झाडावर नेऊन टेकवतो. यापलीकडे अळीला त्याचा हात लागत नाही.

मग ती विणू लागते, आणि येथे शुष्क अरण्याने तिला काय शिकविले आहे ते दिसते. दोन-तीन पाने ओढून घेऊन त्यांच्या आडोशाला बसण्यापूर्वी ती फांदीपर्यंत सरकत जाते, फांदीभोवती रेशमाचे कडे घालते, कड्यापासून पानांपर्यंत देठ ओढते, आणि नंतरच कोश विणावयास घेते. केवळ पानाला कोश बांधला असता तर शिशिराअखेर येनाची पाने गळताच तो भुईवर पडून मुंग्यांचे, वाळवीचे आणि वणव्याचे भक्ष्य झाला असता; फांदीला कडे घातल्यामुळे निष्पर्ण झाडावर तो एखाद्या फळासारखा उन्हाळाभर टिकून राहतो. आतून ती एक क्षारयुक्त, चुनखडी पदार्थ सोडते, त्याने भिंतीचे धागे सांधले जातात आणि ऊन, पाऊस, पक्ष्याची चोच यांना कोश दाद देत नाही. बाहेर पाला नाही म्हणून आत निद्रा, आणि पाऊस पडून पालवी फुटली की जाग. तुतीचा किडा माणसाच्या घड्याळावर चालतो; हा येनाच्या घड्याळावर चालतो. माळा टांगून वाट पाहणारे घर त्याच घड्याळाला बांधलेले आहे.

कोशाचे हे काठिण्य आपल्या पूर्वजांनी रेशमाखेरीजही वापरले. कोश नागमोडी कापून त्याची लांब वादी काढीत आणि तिने तोड्याच्या बंदुकीची नळी दस्त्याला आवळीत. कच्च्या चामड्याहून ती अधिक टिके.

या रेशमाचे प्राचीनत्व सांगताना अतिशयोक्तीची आवश्यकता नाही. हडप्पा आणि चन्हुदडो येथील उत्खननांत सापडलेल्या अलंकारांना चिकटून राहिलेले तंतू सूक्ष्मदर्शकाखाली तपासले असता ते वन्य रेशमाचे निघाले, आणि त्यांत आपल्या या कोशाचेही तंतू आहेत, असे २००९ साली प्रसिद्ध झालेल्या संशोधनाने दाखविले. म्हणजे चार हजारांहून अधिक वर्षे झाली. महाराष्ट्रापुरते बोलावयाचे तर प्रवरेकाठच्या नेवाशाचे उत्खनन अधिक जिव्हाळ्याचे वाटते. तेथे हसमुख सांकलियांच्या नेतृत्वाखाली १९५४ ते १९५६ या काळात ताम्रपाषाणयुगीन वस्ती उघडी झाली, आणि एका बालकाच्या दफनात गळ्यातील तांब्याच्या मण्यांमध्ये जो दोरा शिल्लक होता तो रेशीम आणि कापूस यांचा असल्याचे तज्ज्ञांनी ओळखले. ते रेशीम कोणत्या पाखराचे याचा आग्रह मी धरणार नाही. परंतु सुमारे साडेतीन हजार वर्षांपूर्वी गोदावरीच्या खोऱ्यात एका आईने मुलाच्या गळ्यात रेशमाचा दोरा बांधला होता, ही गोष्ट मनात ठेवण्याजोगी आहे. पाणिनीने कोशापासून कौशेय हा शब्द साधण्यासाठी स्वतंत्र सूत्र केले. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात मगध, पुंड्र आणि सुवर्णकुड्य या प्रदेशांतील पत्रोर्णा नावाच्या रेशमाचे वर्णन करताना नागवृक्ष, लिकुच, बकुळ आणि वड या झाडांवरून येणाऱ्या धाग्यांचे रंग निरनिराळे दिले आहेत. वृक्ष पालटला की धाग्याची छटा पालटते हे ज्ञान त्या काळच्या कोठारांतल्या अधिकाऱ्यांपर्यंत पोहोचले होते. टसर हा शब्दही संस्कृत तसर किंवा त्रसर यापासून आलेला असून त्याचा अर्थ विणकराचा धोटा.

युरोपीय विद्वानांनी या पतंगाचे नामकरण करताना दोनदा एकाच कल्पनेचा आश्रय घेतला, हे मला नेहमी लक्षणीय वाटत आले आहे. लिनियसने १७५८ साली पाफिया हे नाव वापरले, जे ग्रीकांच्या प्रेमदेवतेचे विशेषण आहे. आणि १७७३ साली ड्रूरीने मायलिट्टा हे नाव दिले, जे हिरोडोटसने सांगितल्याप्रमाणे बाबिलोनच्या प्रेमदेवतेचे आहे. आजचे शास्त्रीय नाव आंथेरिया मायलिट्टा यातूनच आले. त्याच्या चर्येचे सविस्तर वर्णन प्रथम विल्यम रॉक्सबर्गने केले. कलकत्त्याच्या वनस्पती उद्यानाचा तो अधीक्षक होता, आणि त्याचा बंगालच्या वन्य रेशमांवरील निबंध लंडनच्या लिनियन सोसायटीच्या कार्यवृत्तात १८०४ साली छापला गेला. पुढे प्राणिशास्त्रज्ञांनी या एका जातीचे स्थानिक वाण मोजले तेव्हा ते चाळिसांवर गेले: छोटानागपूरचा डाबा, ओडिशातला मोडल, बस्तरातला रैली. यांत आपल्या झाडीचा वाण भंडारा याच नावाने नोंदलेला आहे. एका जिल्ह्याचे नाव एका पाखराच्या वंशाला मिळावे, याचा अभिमान त्या जिल्ह्याने उघडपणे बाळगावयास हरकत नाही.

आता माणसांकडे वळतो. या मुलखात कोसे राखण्याचे काम परंपरेने ढिवरांचे. तळ्यांच्या जिल्ह्यात मासे धरावयाचे, शिंगाडे लावावयाचे, डोंगे वल्हवायचे, आणि पाऊस लागला की जाळे बाजूला ठेवून येनाच्या रानात झोपडी घालावयाची, असा त्यांचा वर्षक्रम. झाडावर अळ्या असेतोवर माणसाला रान सोडता येत नाही. पहाटे कावळे येतात, दिवसा खार, गांधीलमाशी आणि प्रार्थनाकीटक, रात्री वटवाघूळ आणि घुबड. मुंग्यांना तर वेळकाळच नाही. उझी माशी अळीच्या अंगावर अंडे घालून जाते आणि कोश विणून झाल्यावर आतून मेलेला निघतो. गोफण, गुलेल, बांबूचे टोक, घशातून काढलेली हाळी, हीच आयुधे. या राखणीला पूर्वी व्रताचे स्वरूप होते. मध्य हिंदुस्थानातल्या आणि छोटानागपूरच्या कोसेवाल्यांविषयी गेल्या दोन शतकांत ज्यांनी लिहिले त्यांच्या लेखनात एकच गोष्ट पुनःपुन्हा येते: या काळात मांसमत्स्य वर्ज्य, तेल वर्ज्य, क्षौर वर्ज्य, ब्रह्मचर्य आवश्यक, आणि परक्याची सावली रानावर पडू द्यावयाची नाही. ज्यांचा उदरनिर्वाह माशांवर, त्यांनी महिना-महिना मासा तोंडात घालावयाचा नाही, ही साधी गोष्ट नव्हे. अळ्यांत पसरणारे रोग डोळ्यांना न दिसणाऱ्या जंतूंचे असतात. हातांची स्वच्छता आणि येणाजाणाऱ्यांची बंदी यांचा त्यावर खरोखर उपयोग होतो. त्या लोकांनी रोगजंतू पाहिले नव्हते, परंतु एका बेसावध दिवसाने सारे झाड काळे पडते हे त्यांनी पाहिले होते, आणि त्यातून जे नियम निघाले ते त्यांनी देवाच्या स्वाधीन केले.

ढिवराच्या हातून कोसा कोष्ट्याच्या दारी येतो. कोष्टी या नावाचा संबंधही कोशाशी जोडण्यात येतो. राखेच्या खारट पाण्यात कोसे उकळून ते मऊ झाल्यावर घरातल्या बायका चार-पाच कोशांचे तंतू एकत्र ओढून उघड्या मांडीवर तळहाताने वळ देत आणि दुसऱ्या हाताने ते सूत गुंडाळीत. एका चांगल्या कोशात सात-आठशे मीटरपर्यंत अखंड तंतू असतो. दिवसभर असे बसले म्हणजे मांडीची कातडी सोलून निघते, आणि वर्षानुवर्षे बसणाऱ्या स्त्रियांच्या मांडीवर त्याचे घट्टे कायमचे राहतात. अलीकडे सूतकाताई यंत्रांनी हे कष्ट पुष्कळ कमी झाले, ही गोष्ट मला त्या धंद्याच्या आधुनिक इतिहासातली सर्वांत समाधानाची वाटते. या सुताचे लुगडे नागपूर, उमरेड, पवनी, आंधळगाव, मोहाडी, नागभीड अशा गावांच्या मागांवर विणले जाई. अंग कोशाच्या मूळ मधाळ रंगाचे, काठ रंगीत सुताचा, आणि अंग व काठ जेथे भेटतात तेथे करवतीच्या दातांसारखी रांग. ही करवत छापलेली किंवा भरलेली नसते. उजव्या काठाचा एक, अंगाचा एक आणि डाव्या काठाचा एक असे तीन धोटे चालवून प्रत्येक ओळीत धागे एकमेकांत अडकवीत विणकर ती उभी करतो, आणि त्यासाठी मागावर दोन माणसांचे हात लागतात. करवती काठाचे हे वस्त्र आणि पुरुषांचा मुकटा सोवळ्यात मोलाचा गणला गेला, कारण कौशेयाला विटाळ नाही असे शास्त्र मानले जाई. ज्या ढिवराने व्रत पाळून तो कोसा राखला त्याला मात्र ते वस्त्र नेसून पूजेला बसलेल्यांच्या ओसरीवर चढण्याची मुभा नव्हती. हे आपल्या समाजाचे वैगुण्य होते, आणि कोशाचा इतिहास लिहिताना ते वगळणे अप्रामाणिकपणाचे होईल.

इंग्रजी अंमलात या रेशमाकडे व्यापाराच्या दृष्टीने पाहण्याचे प्रयत्न झाले. १८७० नंतरच्या दशकात मेजर कौसमेकर नावाच्या अधिकाऱ्याने पुण्याच्या परिसरात किडे वाढवून पाहिले. तो उद्योग तेथे रुजला नाही. इंग्लंडातील लीक या गावचा रंगारी टॉमस वॉर्डल याने मात्र कोशाचे सूत विरंजन करून रंगविण्याची पद्धत बसविली आणि १८७८ च्या पॅरिसच्या प्रदर्शनात ती जगापुढे मांडली; १८८१ साली भारताच्या वन्य रेशमांवर त्याची पुस्तिका निघाली. सीलच्या कातड्याची नक्कल करणारे मखमली कापडही या सुतापासून तयार झाले. परंतु युरोपची मागणी वाढली तिचा मुख्य लाभ चीनच्या ओकवृक्षावरील टसराला झाला, कारण तेथे माल एकसारखा आणि विपुल मिळे. झाडीतल्या ढिवराच्या वाट्याला त्यातले फारसे काही आले नाही. त्याच्या वाट्याला आला तो जंगलचा कायदा. राने राखीव झाली, येनाची झाडे सरकारची झाली, आणि जे मामूल वहिवाटीने चालत होते त्याला परवाना, ठेका आणि शुल्क लागू झाले. १९२७ च्या भारतीय वन अधिनियमात वनोपजाची व्याख्या करताना कातडी, सुळे, शिंगे, हाडे यांच्या पंक्तीत रेशीम, कोश, मध आणि मेण बसविलेले आहेत. कायद्याच्या लेखी कोसा हा रानात आपोआप सापडणारा पदार्थ ठरला; त्यामागची राखण, बियाण्याच्या माळा, उपास आणि रात्रीची जागरणे यांचा त्या व्याख्येत कोठेच मागमूस नाही. स्वातंत्र्यानंतर केंद्रीय रेशीम मंडळ आले, १९६४ साली रांचीस टसराची संशोधनसंस्था निघाली, रोगमुक्त अंडीपुंज मिळू लागले. ही कामे निःसंशय उपकारक होती. झाडावरचा हक्क मात्र जेथे होता तेथेच राहिला.

२००६ च्या वनहक्क अधिनियमाने प्रथम गौण वनोपजांच्या व्याख्येत टसर आणि कोश यांचा स्पष्ट उल्लेख करून त्यांवर वननिवासींचा मालकी हक्क मान्य केला. गडचिरोली जिल्ह्यातील मेंढा लेखा या गावाला २००९ साली सामूहिक वनहक्क मिळाला, तो देशातल्या पहिल्या हक्कांपैकी होय. परंतु महाराष्ट्रात ढिवरांची गणना अनुसूचित जमातींत नसून भटक्या जमातींत होते. म्हणून या कायद्याखाली त्यांना इतर पारंपरिक वननिवासी ठरावे लागते, आणि त्यासाठी १३ डिसेंबर २००५ पूर्वीच्या तीन पिढ्यांची, म्हणजे पंचाहत्तर वर्षांची वहिवाट सिद्ध करावी लागते. जो माणूस तळ्यावर आणि रानात राहिला, ज्याच्या नावे सातबारा नाही, त्याने १९३० सालचा कागद कोठून आणावा?

तो कागद अगदीच नाही असे नव्हे. मध्य प्रांताच्या १८७० च्या गॅझेटियरपासून १९०८ व १९०९ सालच्या भंडारा आणि चांदा जिल्ह्यांच्या गॅझेटियरांपर्यंत, बंदोबस्ताच्या अहवालांत, गावोगावच्या वाजिब-उल-अर्जांत, म्हणजे गावरिवाजांच्या नोंदींत, आणि गावकऱ्यांचे वहिवाटीचे हक्क नोंदणाऱ्या नंतरच्या निस्तारपत्रकांत या मुलखातल्या रानांचा आणि वहिवाटींचा इतिहास विखुरलेला आहे. या दफ्तरांतली मोडी, उर्दू आणि इंग्रजी वाचू शकणारी माणसे नागपूर-पुण्याच्या महाविद्यालयांत आहेत; इतिहासाच्या अध्यापकांनी आणि विद्यार्थ्यांनी एकेक तालुका वाटून घेऊन कोशाच्या, येनाच्या रानांच्या आणि ढिवरांच्या नोंदी उतरवून ग्रामसभांच्या हाती द्याव्यात, अशी माझी त्यांना कळकळीची विनंती आहे. आणि जेथे दफ्तर मुके असेल तेथे जून महिन्यात माळा टांगलेल्या घरी जाऊन म्हाताऱ्यांना विचारावे व ते सांगतील ते लिहून घ्यावे. वनहक्काच्या नियमांप्रमाणे गावातल्या वडीलधाऱ्यांचे लेखी कथन हा ग्राह्य पुरावा आहे.